रॅलीत घडलेली जपानी गाडी घेताना

'इव्हो घ्यायची आहे, कुठे मिळेल?' छत्तीसगडमधल्या भिलाई-दुर्गच्या मराठी घरांतली तरुण मुलं हल्ली हा प्रश्न फार विचारतात. कुणाचे वडील नंदिनीच्या चुनखडीच्या खाणीतून निवृत्त झालेले असतात, कुणाचा स्वतःचा पगार पुण्यात किंवा बेंगळुरूत नुकता सुरू झालेला असतो. लहानपणी व्हिडिओ गेममध्ये निळी सुबारू आणि लाल मित्सुबिशी मनसोक्त पळवलेली असते. आता हाताशी थोडे पैसे आले आहेत आणि जुनी जपानी गाडी दारात उभी असावी असं मनापासून वाटतं. ही इच्छा मला फार आवडते, म्हणूनच उत्तर आधीच स्पष्ट सांगतो. भारतात राहून नव्वदच्या दशकातली मित्सुबिशी लॅन्सर इव्होल्यूशन, म्हणजेच इव्हो, किंवा सुबारू इम्प्रेझा कायद्याने घेता येत नाही. पण त्याच घराण्यातली, तमिळनाडूत बनलेली आणि आपल्याच देशाच्या मातीत वर्षानुवर्षं रॅली जिंकलेली एक गाडी अजून मिळते. ती म्हणजे मित्सुबिशी सेडिया. शोधायची असेल तर ती शोधा, आणि शोधताना इंजिनाआधी कागद आणि पत्रा बघा.

या गाड्यांना एवढी किंमत का, हे कळलं तर खरेदीत पाय घसरत नाही. १९८६ साली जीवघेणे अपघात झाले आणि जागतिक रॅलीतला 'ग्रुप बी' बंद झाला. पुढच्या वर्षापासून त्याची जागा 'ग्रुप ए'ने घेतली. त्याचा नियम असा होता की जी गाडी रॅलीत उतरवायची, ती तशीच हजारोंच्या संख्येने बनवून सामान्य गिऱ्हाइकाला विकायची. आधी ही अट पाच हजारांची होती, पुढे ती अडीच हजारांवर आली. त्यामुळे टर्बो इंजिन, चारही चाकांना ताकद आणि जाड पत्र्याचा सांगाडा असलेली रॅलीची यंत्रं शोरूममध्ये येऊन उभी राहिली. मित्सुबिशीने गॅलंट व्हीआर-४ या मोठ्या गाडीचं इंजिन आणि चारचाकी यंत्रणा छोट्या लॅन्सरमध्ये बसवली, आणि १९९२ साली पहिली इव्हो आली. टॉमी मॅकिनेन या फिनलंडच्या चालकाने १९९६ ते १९९९ अशी सलग चार वर्षं जगज्जेतेपद मिळवलं, तेही इव्होवरच. सुबारूने १९९५ ते १९९७ अशी तीन वर्षं उत्पादकांचं विजेतेपद घेतलं. टोयोटाची सेलिका त्याआधीच कार्लोस साइंझ, युहा कांकुनेन आणि दिदिए ओरिओल यांच्या हातून जिंकलेली होती.

याच्या आधीच्या पिढीत तर भारतीय नावंही आहेत आणि ती आपण विसरता कामा नये. १९७४ सालची आफ्रिकेतली सफारी रॅली केनियातल्या जोगिंदर सिंग यांनी मित्सुबिशी लॅन्सर १६०० जीएसआरवर जिंकली. १९७६ साली त्याच गाडीवर ते पुन्हा पहिले आले. शेखर मेहता हे युगांडात जन्मलेले गुजराती वंशाचे चालक. १९७३ साली त्यांनी डॅटसन २४०झेडवर सफारी जिंकली आणि नंतर १९७९ ते १९८२ अशी सलग चार वेळा पुन्हा डॅटसनवरच. जपानी गाडी टिकते हा जगाचा विश्वास जाहिरातींपेक्षा आफ्रिकेतल्या या चिखल-धुळीने जास्त घडवला, असं माझं मत आहे.

आता कायदा. वापरलेली गाडी भारतात आणायची तर ती बनल्यापासून तीन वर्षांपेक्षा जुनी नसावी, स्टिअरिंग उजव्या बाजूला असावं आणि ती मुंबई बंदरातूनच उतरावी, असे नियम आहेत. त्यावर गाडीच्या किमतीपेक्षाही जास्त सीमाशुल्क लागतं. शेवटच्या इव्हो २०१६ च्या सुमाराला बनल्या, म्हणजे सगळ्यात नवी इव्होसुद्धा ही मर्यादा कधीच ओलांडून गेली. दुसऱ्या टोकाला ५० वर्षांवरच्या गाड्यांना दार उघडं आहे. २०२५ च्या फेब्रुवारीत केंद्राने अशा व्हिंटेज गाड्यांच्या आयातीचा नियम बराच सैल केला. नोंदणीसाठी २०२१ पासून वेगळी व्यवस्था आहे. नंबरात 'व्हीए' ही अक्षरं येतात, नोंदणीचं शुल्क २० हजार रुपये आहे आणि अशी गाडी रोजच्या वापराला काढता येत नाही. जोगिंदर सिंगांची १६०० जीएसआर किंवा २४०झेड या दारातून येऊ शकते. पण हा धनाढ्य संग्राहकांचा खेळ आहे, पहिल्यांदा जुनी गाडी घेणाऱ्याने त्याच्या वाटेला जाऊ नये. तीन आणि पन्नास यांच्या मधल्या सगळ्या गाड्यांना, म्हणजे नेमक्या आपल्या आवडीच्या वर्षांना, दार बंद आहे.

म्हणून कुणी 'दुबईहून कार्नेवर आलेली इव्हो आहे, कागद नंतर करून देतो' म्हणाला तर तिथूनच माघारी फिरा. कार्ने हा परदेशी प्रवाशाला गाडी थोड्या मुदतीसाठी आणून परत नेण्याचा परवाना असतो. त्यावर आलेली गाडी इथे विकता येत नाही. ती जप्त होते आणि तुमचे पैसे कुणाकडे मागायचे हेही कळत नाही. दुसरा प्रकार जास्त फसवा आहे. इथल्याच साध्या लॅन्सरमध्ये परदेशी भंगारातून आलेलं इव्होचं टर्बो इंजिन बसवलेलं असतं आणि आरसी मात्र मूळ १५०० सीसीच्या पेट्रोल गाडीची असते. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ नुसार गाडी उत्पादकाने ठरवलेल्या स्वरूपातून अशी बदलता येत नाही. २०१९ च्या जानेवारीत सर्वोच्च न्यायालयानेही हेच बजावलं. इंजिन बदलायचं तर आरटीओची परवानगी काढून त्याच प्रकारचं इंजिन बसवावं लागतं. अशी गाडी चालवताना अपघात झाला तर विमा कंपनी पहिला प्रश्न इंजिन नंबरचाच विचारते. पिकअप कितीही भन्नाट असला तरी या गाडीला हात लावू नका.

आता सेडियाकडे येऊ. १९९८ साली हिंदुस्तान मोटर्सने चेन्नईजवळच्या तिरुवल्लूरच्या कारखान्यात लॅन्सर बनवायला घेतली. ती ज्या पिढीची लॅन्सर आहे, त्याच पिढीच्या सांगाड्यावर जपानमध्ये इव्हो चार, पाच आणि सहा बनल्या. २००६ साली आलेली सेडिया ही त्याच्या पुढच्या पिढीची, आणि इव्हो सात, आठ, नऊ याच पिढीवर उभ्या राहिल्या. नातं खरं आहे, पण ते फुगवून सांगू नये. भारतातली सेडिया पुढच्या चाकांवर चालते आणि तिला टर्बो नाही. इंजिन दोन लिटरचं ४जी९४, साधारण ११५ अश्वशक्तीचं. आजच्या टर्बो हॅचबॅक कागदावर तिच्या बरोबरीला येतात, काही पुढेही जातात. मग तिच्यात आहे काय? ते गाडीच्या खाली बघावं लागतं. मागच्या चाकांना स्वतंत्र मल्टिलिंक सस्पेन्शन आहे, आणि आजच्या आपल्या किमतीच्या गाड्यांत ते सापडत नाही. खाचखळग्यांच्या वळणावर, मधेच ब्रेक मारला तरी, तिची शेपूट शांत राहते. आमच्याकडच्या अहिवारा रस्त्यावर डंपरने उखडलेल्या डांबरावरून ती ज्या समजुतीने जाते, ते एकदा अनुभवलं की अश्वशक्तीचा आकडा आठवत नाही. चेन्नई, कोईम्बतूर, बेंगळुरूच्या रॅली संघांनी हीच गोष्ट हेरली. गौरव गिल, नरेन कुमार यांच्यासारख्या चालकांनी सेडियावर राष्ट्रीय रॅली गाजवली. नाशिकच्या आसपासच्या मातीच्या रस्त्यांवर राष्ट्रीय स्पर्धेची फेरी व्हायची, तेव्हाही तिथे सेडिया असायच्याच.

पण याच गौरवामुळे बाजारात दोन प्रकारच्या सेडिया फिरतात. काही डॉक्टर-इंजिनियरांनी जपून वापरलेल्या, काही रॅलीत राबवून नंतर पुन्हा सीट-कार्पेट बसवून विकलेल्या. दुसरी घेऊच नये असं नाही, फक्त ती दुसरी आहे हे माहीत असलं पाहिजे आणि त्याप्रमाणे किंमत दिली पाहिजे.

ते ओळखायचं कसं? गाडी सकाळी थंड असताना बघायला जा आणि मालकाला आधीच सांगा की येईपर्यंत सुरू करू नका. गॅरेजच्या रॅम्पवर किंवा खड्ड्यावर घ्यायला लावा. टॉर्च घ्या आणि बॉनेटखाली पुढच्या दोन शॉकअ‍ॅब्सॉर्बरच्या टोप्यांभोवतीचा पत्रा निरखा. रॅलीत उड्या घेतलेल्या गाडीत इथे केसाएवढ्या भेगा असतात किंवा त्या लपवण्यासाठी मारलेला रंग कारखान्याच्या रंगापेक्षा थोडा जाड आणि सालपटासारखा दिसतो. मग दाराच्या चौकटीचं रबर बोटाने ओढून काढा. खाली दोन पत्रे जोडलेली कड दिसेल. कारखान्यातून आलेल्या कडेवर ठरावीक अंतरावर गोल ठिपक्यांसारखे वेल्ड असतात. रॅलीसाठी तयार केलेल्या गाडीत सांगाडा ताठ व्हावा म्हणून त्या कडेवर सलग वेल्डिंगची रेघ ओढलेली सापडते. कार्पेट उचला. पायाशी आणि मागच्या सीटखाली तळाला तळहाताएवढे चौकोनी तुकडे वेल्ड केलेले किंवा भोकं बुजवलेली दिसली तर तिथे लोखंडी पिंजऱ्याचे पाय होते. इंजिनाखालच्या पत्र्यावर जाड सम्पगार्डच्या बोल्टच्या खुणा, तळाला दगडांनी पडलेले खळगे, मागच्या आर्मवरचे ओरखडे, हे सगळं मिळून एक गोष्ट सांगतं, आणि ती विक्रेत्याच्या बोलण्यापेक्षा जास्त भरवशाची असते.

दुसरी भीती पाण्याची. तिरुवल्लूर जवळ असल्यामुळे बऱ्याच सेडिया चेन्नईत विकल्या गेल्या आणि डिसेंबर २०१५ मध्ये ते शहर पाण्याखाली होतं. मुंबईच्या जुन्या लॅन्सर घेताना २६ जुलै २००५ ध्यानात ठेवा. पाण्यात बुडालेली गाडी पॉलिश करून सुगंधी स्प्रे मारून विकतात, पण एक जागा त्यांच्या हातून हमखास सुटते. ती म्हणजे सीटबेल्ट. बेल्ट शेवटपर्यंत, गुंडाळीचा तळ दिसेपर्यंत ओढा आणि तसाच धरून ठेवा. पाणी चढलेल्या गाडीत त्या शेवटच्या वीतभर पट्ट्यावर मातकट रेघ असते, आणि बोट फिरवलं तर बारीक गाळ हाताला लागतो. मग स्टेपनीचा खळगा, सीटच्या रुळांवरचा गंज आणि फ्यूज बॉक्समधला हिरवा थर बघा. तिन्ही ठिकाणी काही सापडलं तर किंमत कितीही उतरवली तरी गाडी घेऊ नका. अशा गाडीची वायरिंग काही महिने जरी ठीक चालली तरी पहिल्या पावसाळ्यात ती रस्त्यात उभी करते.

पत्र्याला छोटं लोहचुंबक लावून बघणं ही जुनी युक्ती आजही उपयोगी आहे. जिथे लांबी भरलेली आहे तिथे चुंबक धरत नाही. चाकांच्या कमानी, दारांचे तळ आणि डिकीची कड इथे जास्त बघा. कोकण आणि मुंबईच्या गाड्या खाऱ्या हवेने आतून गंजतात, तर नागपूर, रायपूर, दुर्गच्या गाड्यांचा पत्रा सुका असतो. आमच्याकडच्या ४५ अंशांच्या उन्हाळ्यात डॅशबोर्ड तडकतो, रबर कडक होतं, पण पत्रा शाबूत राहतो. डॅशबोर्ड आणि रबर बदलता येतं. गंजलेला सांगाडा कापून नव्याने बांधणारा कारागीर आपल्या भागात सापडणं कठीण आणि त्याचा खर्च गाडीच्या किमतीच्या वर जातो. म्हणून एकाच भावात दोन गाड्या मिळत असतील तर चकचकीत किनाऱ्याच्या गाडीपेक्षा उन्हाने फिकी झालेली विदर्भातली किंवा छत्तीसगडची गाडी घ्या.

इंजिनाबद्दल थोडक्यात. ४जी९४ दणकट आहे, पण त्यात टायमिंग बेल्ट आहे, साखळी नाही. साधारण ९० हजार ते १ लाख किलोमीटरला तो बदलावा लागतो, आणि कमी चाललेल्या गाडीतही तो वयाने खराब होतो. बिल दाखवता आलं नाही तर बदललेला नाही असंच धरा आणि घेतल्यावर पहिल्या आठवड्यात बेल्ट, टेन्शनर आणि वॉटर पंप एकत्र बदलून टाका. थंड इंजिन सुरू करताना धूर बघा. निळा धूर तेल जाळण्याचा, आणि इंजिन तापल्यावरही न थांबणारा पांढरा धूर हेड गॅस्केटचा. चारही सिलिंडरचं कॉम्प्रेशन मोजून घ्या. आकडे एकमेकांच्या जवळपास असले तर निम्मी काळजी मिटली. ट्रॅफिकमध्ये आयडलिंग वरखाली होत असेल तर घाबरू नका, ते बऱ्याचदा साफसफाईने सुटतं. चालवताना खडबडीत रस्ता मुद्दाम निवडा. मागून ठकठक आली तर मल्टिलिंकचे बुश गेले आहेत. ते संख्येने बरेच असतात आणि सगळे एकदम बदलावे लागतात, तेव्हा भाव करताना तो खर्च वजा करा. टायरवरचा चार आकड्यांचा शिक्का वाचा. पहिले दोन आकडे आठवड्याचे, पुढचे दोन वर्षाचे. सहा-सात वर्षांपूर्वीचे टायर नक्षी शिल्लक असली तरी बदलायचेच.

ही परीक्षा नंदिनीच्या धावपट्टीवर घेण्याचा मोह होईल, कारण ती मोकळी दिसते. ती विमानांची जागा आहे. तिथे किंवा जामुलच्या रस्त्यावर गाडीचा टॉप स्पीड बघणं म्हणजे खाणीच्या शिफ्टवरून सायकलने घरी निघालेल्या माणसाच्या जिवाशी खेळणं आहे, हे मी अगदी कळवळून सांगतो.

कागदांसाठी मात्र चिवटपणा लागेल. सेडिया तुम्हाला बहुतेक चेन्नई, बेंगळुरू, पुणे किंवा मुंबईत सापडेल आणि तुमचा नंबर असेल दुर्गचा, सीजी ०७. परिवहनच्या पोर्टलवर नंबर टाकून आधी मालकाचं नाव, नोंदणीची तारीख, कर्जाचा बोजा आणि थकलेले चलान बघा. बोजा असेल तर बँकेचं पत्र आणि फॉर्म ३५ हवा. राज्याबाहेरच्या गाडीला मूळ आरटीओची एनओसी, म्हणजे फॉर्म २८ लागतो. नाव बदलायला फॉर्म २९ आणि ३०, इथला नवा नंबर घ्यायला फॉर्म २७. गाडी घेतल्यापासून तीस दिवसांत नाव बदलण्याचा अर्ज करायचा असतो. छत्तीसगडचा रोड टॅक्स नव्याने भरावा लागेल आणि मूळ राज्यातला उरलेला कर परत मागायचा अर्ज वेगळा करावा लागेल. एनओसी हातात येईपर्यंत पूर्ण रक्कम देऊ नका. थोडा इसार द्या, त्याची पावती लिहून घ्या आणि पावतीवर इंजिन नंबर व चासी नंबर टाका. चासी नंबरावर कागद धरून पेन्सिल घासली की अक्षरं उमटतात. तो ठसा आरसीशी स्वतः ताडून बघा. अक्षरांची ओळ वाकडी असेल किंवा आजूबाजूचा पत्रा घासलेला दिसत असेल तर पुढे बोलायचं नाही.

इथे वयाचं गणित महत्त्वाचं आहे. खासगी गाडीची नोंदणी १५ वर्षांची असते. त्यानंतर फॉर्म २५ भरून, गाडी तपासून घेऊन, दर पाच वर्षांनी ती वाढवून मिळते. दिल्लीच्या आसपासचे कडक नियम छत्तीसगडला किंवा महाराष्ट्राला लागू नाहीत. इथे १५ वर्षं झाली म्हणून खासगी गाडी सक्तीने भंगारात जात नाही. पण खर्च वाढला आहे. १५ वर्षांवरच्या मोटारीच्या नूतनीकरणाचं शुल्क २०२२ च्या एप्रिलपासून ५ हजार रुपये झालं, आणि २० वर्षांवरच्या मोटारींसाठी २०२५ च्या ऑगस्टमध्ये ते १० हजारांवर नेलं गेलं. पहिल्या सेडिया आता विशीत शिरत आहेत. त्यामुळे 'पासिंग किती तारखेपर्यंत आहे' हा प्रश्न भाव ठरण्याआधी विचारा. नूतनीकरण विक्रेत्याने त्याच्या राज्यात करून द्यावं आणि मग गाडी आपल्याकडे यावी, हा क्रम सगळ्यात कमी त्रासाचा.

सुट्या भागांवर येऊ, कारण सेडिया घेऊन पस्तावणारे बहुतेक इथे पस्तावतात. मित्सुबिशीच्या मोटारींची विक्री भारतात आता थांबल्यात जमा आहे. फिल्टर, ब्रेक पॅड, बेल्ट, क्लच प्लेट असं रोजचं सामान बाजारात मिळतं. हेडलाइट, बंपर, दाराच्या मोल्डिंग, काचा यांच्यासाठी चेन्नईच्या पुदुपेटच्या भंगार बाजारात फोन फिरवावा लागतो. म्हणून काचा आणि दिवे शाबूत असलेली गाडी चार पैसे जास्त देऊन घ्या. एक हेडलाइट फुटला तर तो शोधण्यात महिना जाऊ शकतो. खरेदीच्या किमतीच्या निम्मे पैसे पहिल्या वर्षाच्या कामासाठी बाजूला ठेवा. ते जमत नसेल तर आणखी सहा महिने थांबा. गाड्या कुठे पळून जात नाहीत.

भिलाईचा मेकॅनिक मित्सुबिशीचा जाणकार नसला तरी बिघडत नाही. इथे भिलाई स्टील प्लांटमुळे फिटिंग, टर्निंग, वेल्डिंगची हातोटी असलेली माणसं पिढ्यान्‌पिढ्या आहेत. बुश दाबून बसवणं, ब्रॅकेट सरळ करणं, आटे गेलेला बोल्ट काढणं ही कामं इथे पुण्याइतकीच चांगली होतात. तुम्ही फक्त मॅन्युअलमधले टॉर्कचे आकडे छापून त्यांच्या हातात द्या आणि काम चालू असताना तिथे उभे राहा.

पेट्रोलचाही विचार करायला हवा. २०२५ पर्यंत देशभर पंपांवर २० टक्के इथेनॉलचं पेट्रोल आलं. सेडियाच्या काळात असं मिश्रण कुणाच्या डोक्यात नव्हतं. इथेनॉल हवेतलं पाणी ओढतं आणि जुन्या रबराला सुजवतं. म्हणून गाडी आल्याबरोबर टाकीपासून इंजिनापर्यंतच्या रबरी नळ्या आणि त्यांच्या पकडी बदलून इथेनॉल सोसणाऱ्या टाका. पेट्रोलचा वास आला तर ती किरकोळ गोष्ट समजू नका. गाडी महिनोन्‌महिने अर्ध्या टाकीवर उभी करू नका, आठवड्यातून एकदा तरी इंजिन पूर्ण तापेपर्यंत फिरवून आणा. नंदिनी नगरमध्ये राहत असाल तर चुनखडीची धूळ एअर फिल्टरला मॅन्युअलमध्ये लिहिलंय त्याच्या कितीतरी आधी भरते. तो दर महिन्याला उघडून बघा. रेडिएटरच्या जाळीतूनही पाण्याचा हलका फवारा मारा. जोराचा मारलात तर पाती वाकतात.

ज्यांच्याकडे पैसा जास्त आहे त्यांच्यासाठी एक अपवाद सांगतो. २०१० साली मित्सुबिशीने इव्हो दहा भारतात अधिकृतपणे आणली होती. तिला दोन क्लचचा सहा गिअरचा गिअरबॉक्स होता आणि ती फार थोड्या लोकांनी घेतली. इथल्या नोंदणीची अशी एखादी गाडी क्वचित विकायला निघते. ती पूर्णपणे कायदेशीर इव्हो आहे. पण तिच्यात मागच्या चाकाच्या आड एक पंप असतो. वळणावर मागच्या दोन चाकांत ताकद वाटणारी एवायसी यंत्रणा त्यावर चालते. चिखल-पाण्याने तो गंजतो आणि मीटरवर इशारा झळकतो. गिअरबॉक्सचं तेल वेळेवर बदललेलं नसेल तर क्लच झिजलेले असतात. सर्व्हिसची सलग नोंद नसेल तर ही गाडी कुणीही घेऊ नये, कारण तिचा एक मोठा बिघाड एका चांगल्या सेडियाच्या किमतीएवढा असतो.

आणि ज्यांची मुलं परदेशी आहेत, त्यांचा मार्ग वेगळाच आहे. अमेरिकेत २५ वर्षं पूर्ण झालेली गाडी बहुतेक नियमांतून सुटते, त्यामुळे १९९९ ची इव्हो सहा तिथे २०२४ पासून आणता येऊ लागली. कॅलिफोर्नियात मात्र धुराचे नियम जास्त कडक आहेत. ब्रिटन आणि ऑस्ट्रेलियात उजव्या स्टिअरिंगच्या जपानी गाड्या आधीपासून फिरत आहेत. ब्रिटनमध्ये हिवाळ्यात रस्त्यावर मीठ टाकतात, म्हणून तिथल्या गाडीचा तळ आपल्या कोकणातल्या गाडीसारखाच संशयाने बघावा. थेट जपानच्या लिलावातून घ्यायची तर लिलावाचा तक्ता मूळ जपानीत मागवा. चार किंवा साडेचार श्रेणीची गाडी चांगली. श्रेणीच्या जागी 'आर' असेल तर अपघातानंतर दुरुस्त केलेली. गाडीच्या आकृतीवर 'यू' म्हणजे पोचा, 'एस' म्हणजे गंज, 'डब्ल्यू' म्हणजे दुरुस्तीनंतर राहिलेली लाट आणि 'एक्सएक्स' म्हणजे तो भागच बदललेला. एजंटने इंग्रजीत करून दिलेल्या सारांशात ही अक्षरं बऱ्याचदा गळतात. तिथे घेतलेली गाडी भारतात परतताना सोबत आणता येईल असं मात्र धरून चालू नका.

शेवटी, गाडी हातात आल्यावर तिला खऱ्या अर्थाने चालवायची असेल तर फेडरेशन ऑफ मोटर स्पोर्ट्स क्लब्ज ऑफ इंडियाचं लायसन्स काढा आणि आधी ऑटोक्रॉसमध्ये उतरा. तिथे खांबांमधून एकेक गाडी वेळ लावून धावते. मोठा खर्च नसतो, आणि समोरून कुणी येत नाही. पुण्याचे संजय टकले अशाच देशी स्पर्धांमधून आशिया-पॅसिफिक आणि मग जागतिक रॅलीपर्यंत गेले. हेल्मेट आणि सीटबेल्टचे नियम तिथे काटेकोर असतात, त्यांची सवय लावून घ्या. स्पर्धेच्या दिवशी नेहमीचा विमा लागू नसतो, हे पॉलिसीच्या अटींमध्ये लिहिलेलं असतं. पंधरा वर्षांवरच्या गाडीला बऱ्याच कंपन्या फक्त थर्ड पार्टी विमा देऊ करतात. पूर्ण विमा हवा असेल तर गाडीची तपासणी करून घेऊन दोन-तीन कंपन्यांकडे विचारणा करा, आणि पॉलिसीत गाडीची किंमत किती धरली आहे ते वाचल्याशिवाय सही करू नका.